पाहिल्यावर झिजणारा फोटो: जेपेग पुन्हा पुन्हा सेव्ह करून विसर दाखवता येतो का?

धूसर

एका मांडणशिल्पात अडलोय. भिंतीवर २४ इंची स्क्रीन, तिच्यावर एकच जुना कृष्णधवल फोटो (स्कॅन २०४८ × २०४८ पिक्सेल). कोणी समोर येऊन थांबलं की फोटो किंचित झिजतो. प्रदर्शन ३० दिवसांचं, रोज साधारण २०० माणसं धरली आहेत, म्हणजे एकूण ६००० वेळा पाहणं. शेवटच्या दिवशी चेहरा जेमतेम ओळखू यावा.

सध्याची जोडणी: रास्पबेरी पाय ४ (तळहाताएवढा संगणक), पीआयआर सेन्सर (अंगाची उष्णता टिपणारा), पायथन आणि तिची पिलो ही चित्रांची लायब्ररी. ट्रिगर आला की जेपेग उघडायची, क्वालिटी ७५ ला परत सेव्ह करायची आणि तीच दाखवायची. बिघडतंय ते असं:

१. पहिल्या चार-पाच सेव्हपर्यंत फरक पडतो, मग फोटो गोठतो. लूप ५०० वेळा फिरवली तरी पाचवी आणि पाचशेवी प्रत सारखीच.

२. म्हणून जेपेग सोडून ब्लर घेतला. दर वेळी चालू चित्रात त्याचीच ब्लर केलेली प्रत ०.०००१ प्रमाणात मिसळायची. काहीच होत नाही, अगदी शून्य. प्रमाण ०.०५ केलं तर पहिल्याच दिवशी चेहरा धुक्यात.

३. माणूस स्तब्ध उभा राहिला की सेन्सरच्या लेखी तो तिथे नसतोच.

शिवाय मुळातली शंका. 'आठवण काढली की दर वेळी ती बदलते' या एका वाक्यावर सगळी कल्पना उभी आहे. ते कितपत खरं? माहितगारांनी सांगावं.

---

चौकोनी_आठ

१ आणि २ या दोन्ही तक्रारींचं मूळ एकच आहे: आकडे पूर्णांकात बसवणं.

जेपेग चित्राचे ८ × ८ पिक्सेलचे चौकोन पाडते, प्रत्येक चौकोनाचं रूपांतर ६४ वारंवारितांच्या आकड्यांत करते, मग प्रत्येक आकड्याला तक्त्यातल्या ठरावीक संख्येने भागून पूर्णांक ठेवते. झीज होते ती या भागाकारात. तीच फाईल उघडून त्याच क्वालिटीला सेव्ह केली की चौकोन तेच, तक्ताही तोच, आणि आकडे आधीच त्या तक्त्याच्या पटीत बसलेले. भाग निःशेष जातो, गमवायला काही उरत नाही. सुरुवातीच्या चार-पाच वेळा जो फरक दिसतो तो पिक्सेल ० ते २५५ मध्ये कोंबताना पडणाऱ्या कपच्यांचा. रंगीत फोटोत रंगाची माहिती निम्म्या रुंदी-उंचीवर आणून पुन्हा ताणली जाते, म्हणून तिथे घसरण थोडी जास्त वेळ चालते. तुमचा फोटो कृष्णधवल, म्हणून लवकर गोठला.

जेपेगच हवी असेल तर दर वेळी चौकोनांची जाळी हलवा:

चित्र आडवं आणि उभं प्रत्येकी १ ते ७ पिक्सेल सरकवा, आकडे यादृच्छिक घ्या. एका कडेने बाहेर गेलेला भाग दुसऱ्या कडेने आत आणा. सेव्ह करा, क्वालिटी ५५ ते ८० मध्ये यादृच्छिक. उघडा आणि तेवढंच उलट सरकवा. ही उलट पायरी विसरलात तर झिजायच्या आधी फोटो भिंतीवर हिंडायला लागेल.

अशाने झीज चालू राहते, मात्र वेग मंदावत जातो. ६००० फेऱ्या आधी लॅपटॉपवर चालवा, दर शंभरावी प्रत बाजूला ठेवा आणि त्या ६० प्रती एकाखाली एक लावून बघा. वेग कुठे मंदावतो ते त्यातूनच कळेल.

आता ब्लर. पिक्सेल ० ते २५५ मधला पूर्णांक. मूळ आणि ब्लर यांच्यात जास्तीत जास्त फरक २५५ चा, त्याला ०.०००१ ने गुणलं की ०.०२५५. अर्ध्याच्या खालचं सगळं परत मूळ आकड्यावर जाऊन बसतं. सहा हजार वेळा केलंत तरी सहा हजार वेळा शून्यच. खरं तर डिजिटल माहितीची बांधणीच छोटी चूक गिळून टाकण्यासाठी झालेली आहे. हजारावी प्रत पहिलीसारखी निघते ती त्यामुळेच. तुम्ही तिला तिच्या स्वभावाविरुद्ध वागायला लावताय, त्यामुळे झीज तुम्हालाच घडवावी लागणार, आपोआप होणार नाही.

एक मार्ग म्हणजे चित्र ३२ बिटच्या दशांश आकड्यांत ठेवणं. पण मग दर ट्रिगरला १६ एमबीच्या वर लिहावं लागतं, २०० माणसांचे दिवसाला ३.३ जीबी होतात आणि ते बिचाऱ्या एसडी कार्डावर. त्यापेक्षा फक्त एक संख्या जपा, किती वेळा पाहिलं गेलं ती. गॉसियन ब्लर एकावर एक दिले की त्यांची त्रिज्या बेरजेने वाढत नाही, वर्गमुळाने वाढते. ०.२ सिग्माचे (सिग्मा म्हणजे ब्लर किती पिक्सेल पसरतो त्याचं माप) ६००० ब्लर म्हणजे ०.२ × √६०००, साधारण १५.५ सिग्माचा एकच ब्लर. तेव्हा दर वेळी मूळ फाईल घ्या, पाहण्यांच्या संख्येवरून सिग्मा काढा, एकदाच ब्लर द्या आणि दाखवा. चेहरा ३०० पिक्सेल रुंद असेल तर १५ सिग्माला डोळे-नाक विरघळू लागतात. तुमच्या चेहऱ्याच्या मापाप्रमाणे ०.२ कमी-जास्त करा.

वर्गमुळाचा एक फायदाही आहे: १५०० व्या माणसाला, म्हणजे साडेसात दिवसांत, शेवटचा निम्मा ब्लर येऊन चुकतो आणि पुढचा निम्मा यायला बावीस दिवस लागतात.

---

विसरवक्र

वरच्या शेवटच्या वाक्यातला आकार ओळखीचा आहे. एबिंगहाउसने १८८५ साली स्वतःवरच प्रयोग करून निरर्थक अक्षरांच्या याद्या पाठ केल्या आणि ठरावीक काळानंतर त्याच याद्या पुन्हा पाठ करताना किती श्रम वाचतात ते मोजलं. २० मिनिटांनी ५८ टक्के बचत, एका तासाने ४४, एका दिवसाने ३४ च्या आसपास, ३१ दिवसांनी २१. आधी कडा, मग पठार. हे आकडे 'इतकं आठवलं' असे सर्रास छापले जातात, ते चूक. ही पुन्हा शिकण्यातली बचत आहे. अजिबात आठवत नाही असं वाटणाऱ्या गोष्टीचाही माग शिल्लक राहू शकतो, हे त्यातलं खरं गंमतीचं.

आता तुमचं वाक्य. २००० साली नेडर, शेफ आणि लडू यांनी उंदरांवर केलेला प्रयोग त्याच्या मागे आहे. आवाज आणि विजेचा झटका यांची सांगड उंदरांच्या डोक्यात पक्की बसली होती. तो आवाज पुन्हा ऐकवून, म्हणजे आठवण जागी करून, लगेच मेंदूच्या अमिग्डाला या भागात प्रथिननिर्मिती रोखणारं औषध दिलं, तर पुढे भीती बरीच ओसरली. आठवण जागी न करता तेच औषध दिलं तर काही झालं नाही. म्हणजे जागी झालेली आठवण काही काळ मऊ पडते आणि पुन्हा घट्ट व्हावी लागते. त्यावरून 'प्रत्येक वेळी बदलतेच' असा निष्कर्ष निघत नाही. जुन्या, पक्क्या आठवणी सहजी मऊ पडत नाहीत, आणि आठवताना समोर काही नवं, अनपेक्षित आलं तरच ती मऊ पडते असं बऱ्याच प्रयोगांत दिसतं.

तुमच्या कलाकृतीला याहून मोठा धक्का दुसरीकडून आहे. आठवून पाहण्याने आठवण *टिकते*. रोडिगर आणि कार्पिके यांनी २००६ मध्ये दाखवलं की उतारा पुन्हा पुन्हा वाचणाऱ्यांपेक्षा तो आठवून लिहिणाऱ्यांना आठवड्यानंतर जास्त लक्षात राहतं. थोडक्यात, तुमचं यंत्र उलटं चालतंय. माणसात झिजते ती कोणी न पाहिलेली आठवण. वारंवार पाहिलेली ठसठशीत होते, फक्त तिच्यात भर आणि काटछाट होत जाते.

म्हणून एकच संख्या पुरणार नाही, दोन घ्या:

बळ, म्हणजे आठवण किती सहज वर येते. पाहणं झालं की वाढतं, वेळ गेला की आधी वेगाने आणि मग सावकाश घटतं. पडद्यावर हे कॉन्ट्रास्टला जोडा, किंवा माणूस आल्यावर फोटो उमटायला किती सेकंद लागतात त्याला. मला दुसरं जास्त आवडतं. जिभेवर येऊन अडलेल्या नावासारखं वाटतं.

सच्चेपणा, म्हणजे मूळ तपशील किती उरलाय. तो वेळेने फारसा घटत नाही, प्रत्येक पाहण्यात कणभर जातो.

मग कोपऱ्यातला, कोणी न पाहिलेला फोटो फिकट पण खरा राहील, आणि वाटेवरचा, रोज दोनशे जणांनी पाहिलेला, झळझळीत आणि खोटा होत जाईल. एकाऐवजी दोन स्क्रीन परवडत असतील तर सगळं मांडणशिल्प त्या फरकात आहे.

ब्लरबद्दलही एक नाराजी. आठवण अशी एकसारखी धूसर होत नाही. बार्टलेटने १९३२ साली चित्रांची साखळी छापली आहे: एकाने पाहून आठवणीतून काढायचं, त्याचं चित्र दुसऱ्याने पाहून काढायचं, असं पुढे पुढे. इजिप्शियन लिपीतलं घुबड अठरा हातांतून जाता जाता मांजर झालं. धुरकट घुबड नाही, चक्क शेपटीचं मांजर! हरवलेल्या जागी आपण ओळखीचं काहीतरी बसवतो. तसंच इंट्राब आणि रिचर्डसन यांचं १९८९ चं काम: जवळून घेतलेला फोटो आठवून काढताना माणसं चौकटीबाहेरचा, न दिसलेला भागही काढतात. (दूरच्या दृश्यांत उलट कडा आत सरकतात, हे २०२० मध्ये पुढे आलं.) तुमचा फोटो जवळून घेतलेल्या चेहऱ्याचा असेल तर सच्चेपणा घटताना चौकट रुंदावत न्या, रोज अर्धा टक्का पुरे. बाहेरचा भाग कशाने भरायचा ते ज्यांना जमतं त्यांनी सांगावं.

---

धूसर

उलटं चालतंय हे वाचून आधी चरफडलो, पण पटलं. दोन स्क्रीन करतो. एक दारासमोर, एक खांबामागे.

आता एक टोचणी. चौकोनी_आठ म्हणतात तसं दर वेळी मूळ फाईलवरून चित्र काढलं, तर मूळ फाईल शाबूत आहेच की. मग हा विसर म्हणजे निव्वळ देखावा. खरोखर परत न येणारं असं काही करता येईल का?

---

किल्लीवाला

येतं. पण 'डिलीट' हा शब्द डोक्यातून काढा. एसडी कार्ड आणि एसएसडी दोन्हींमध्ये आतला कंट्रोलर झीज सगळीकडे समान वाटली जावी म्हणून दर वेळी नव्या जागी लिहितो. तुम्ही फाईलवर शून्यं लिहिलीत तरी जुनी माहिती दुसऱ्याच कप्प्यात पडून असू शकते. त्यामुळे माहिती पुसायच्या भानगडीत पडू नका, ती आधी कुलूपबंद करा आणि किल्ली नष्ट करा.

रचना अशी:

चित्राचं वेव्हलेट रूपांतर करा, म्हणजे ढोबळ सारांश आणि बारीक-बारीक तपशील वेगळे करून आकड्यांत (गुणांकांत) मांडा, पाच पातळ्या. २०४८ चं चित्र शेवटी ६४ × ६४ च्या सारांशावर येतं आणि बाकी सगळे तपशिलाचे थर. एकूण ४१,९४,३०४ गुणांकांपैकी ७५ टक्के सर्वांत बारीक थरात असतात आणि सारांशात फक्त ४,०९६, म्हणजे हजारावा हिस्सा. वेव्हलेटच्या प्रकारांपैकी हार घेऊ नका, गुणांक गेले की चौकटी दिसतात. बायऑर्थोगोनल ४.४ मऊ दिसतो. पायवेव्हलेट्स या पायथन लायब्ररीत कडेची पद्धत 'पिरियडायझेशन' ठेवा, नाहीतर प्रत्येक थरात थोडे जास्तीचे गुणांक येतात आणि खालचा हिशोब चुकतो.

किल्ल्या २४एलसी२५६ या ईईप्रॉम चिपमध्ये (वीज गेली तरी माहिती टिकवणारी छोटी चिप). ती ३२ केबीची, ३२ बाइटची एक किल्ली धरली तर बरोबर १०२४ किल्ल्या मावतात. तिच्यात कंट्रोलरची लपवाछपवी नाही, ज्या पत्त्यावर लिहाल तिथेच लिहिलं जातं. वाटप: सर्वांत बारीक थराला ५१२, मग २५६, १२८, ६४, ३२, आणि सारांशाला ३२. बारीक थरात एका किल्लीमागे ६,१४४ गुणांक येतात. ते चित्रात विखुरलेले घ्या. सलग घेतले तर चेहऱ्यावर एकेक चौकोन गुळगुळीत होत जाईल आणि ते आठवणीसारखं न दिसता चेहरा झाकल्यासारखं दिसेल.

प्रत्येक गट स्वतंत्र किल्लीने एईएस या सांकेतिक कुलपात बंद करा. दर सहाव्या पाहण्याला एक किल्ली शून्यांनी मिटवा, परत वाचून खात्री करा, त्या गटाचे गुणांक शून्य धरून चित्र काढा. बारीक थरापासून सुरुवात. सारांशाच्या ३२ सोडून ९९२ किल्ल्या साधारण ६००० पाहण्यांत संपतात आणि शेवटी ६४ × ६४ चा चेहरा उरतो. तोच 'जेमतेम ओळखू येणारा'.

जिथे लोक फसतात ते चित्राच्या वाटेवर: स्वॅप (मेमरी अपुरी पडली की कार्ड वापरायची सोय) चालू राहिलं तर मेमरीतलं पूर्ण चित्र कार्डावर उतरतं. ते बंद करा. थंबनेल बनवणारी फाईल व्यवस्था नको, लॉगमध्ये चित्र नको, ब्राउझरमधून दाखवत असाल तर त्याचा कॅशे मेमरीतच ठेवा. किल्ल्यांची प्रत चाचणीच्या लॅपटॉपवर उरलेली असते, ती हमखास विसरली जाते. मूळ स्कॅन तुमच्या ईमेलमध्ये, फोनच्या क्लाउडमध्ये आणि स्कॅनरच्या फोल्डरमध्येही असणार. ते सगळं आवरल्याखेरीज 'परत न येणारं' असं फलकावर लिहू नका.

---

जतनकर्ती

किल्लीवाल्यांची रचना नेटकी आहे, पण मी ती या रूपात वापरायच्या विरोधात आहे. कलाकृती विसरते ती ठरवून, आणि कलाकृती *हरवते* ती नकळत. या दोन्हींत भेद करायची सोय ठेवली नाही तर पाचव्या दिवशी चिप बिघडल्यावर ती कलाकृती होती की अपघात, हे तुम्हालाही सांगता येणार नाही.

पुसण्याचा आटापिटा बहुधा वायाच जातो, हेही लक्षात घ्या. १९९२ साली 'अग्रिपा' नावाची एक कविता फ्लॉपीवर निघाली, एकदा वाचली की स्वतःलाच सांकेतिक करून टाकणारी. तिचा मजकूर त्याच वर्षी नेटवर आला आणि आजही आहे. तुमच्याकडे तर रोज दोनशे फोन येणार. पहिल्या दिवसाचा फोटो त्यांच्यात राहीलच. त्याला अडवू नका, तो कामाचाच भाग माना. हेन्कल यांचा २०१४ चा संग्रहालयातला प्रयोग इथे चपखल बसतो: वस्तूंचे फोटो काढत फिरणाऱ्यांना नुसत्या पाहणाऱ्यांपेक्षा कमी वस्तू आणि कमी तपशील आठवले, मात्र वस्तूच्या एका भागावर झूम करून फोटो काढला तर हा तोटा दिसला नाही. (याच जोडीने 'गूगलमुळे स्मृती गेली' म्हणून २०११ चं एक संशोधन सांगितलं जातं. ते जपून वापरा, त्यातला एक प्रयोग २०१८ च्या पुनर्तपासणीत टिकला नाही.)

त्याउलट न पुसताही माहिती कशी जाते ते बघा. वॉरहॉलने १९८५ मध्ये अमिगा संगणकावर काढलेली चित्रं फ्लॉप्यांवर होती आणि फ्लॉप्या संग्रहालयात सुरक्षित. तरी ती २०१४ पर्यंत बाहेर काढता आली नाहीत, कारण फाईलचा प्रकार वाचणारं काही उरलं नव्हतं. बिट जागेवर, वाचणारा गेलेला. फ्लॅशमध्ये केलेल्या कलाकृतींचंही तेच, ३१ डिसेंबर २०२० नंतर फाईल आहे पण अधिकृत प्लेअर नाही. माणसाच्या विसरण्याशी हे जास्त जुळतं असं माझं मत. आठवण पुष्कळदा असते, तिच्यापर्यंतची वाट नसते.

म्हणून व्यवहारात: मूळ स्कॅन टिफमध्ये, कोड, वापरलेल्या लायब्ररींच्या आवृत्त्यांसह पूर्ण कार्डाची प्रत, हे सगळं एकत्र सील करा. तीन प्रती, दोन वेगळ्या माध्यमांवर, एक वेगळ्या इमारतीत, प्रत्येकीचा एसएचए-२५६ (फाईलवरून काढलेला ठसा, एक बिट बदलला तरी तो बदलतो) लिहून ठेवलेला. एक पानभर सूचना: कोणत्या वेगाने झिजावं, उमटायला किमान-कमाल किती सेकंद, स्क्रीन बदलली तर काय चालेल आणि काय नाही. आणि रोजच्या स्थितीची नोंद, फक्त आकड्यांची. चालू कलाकृतीचा हा ठसा रोज बदलणारच, त्याची पडताळणी करू नका. सीलबंद प्रतीची करा.

---

किल्लीवाला

सीलबंद मूळ ठेवलं की माझी सगळी चिप शोभेची झाली. दोन्ही एकदम होत नाही, हे धूसर यांनी ठरवायचं आहे. मधला मार्ग एकच दिसतो: चाचणीला आणि सीलबंद प्रतीत दुसरा फोटो वापरा, प्रदर्शनातल्या फोटोचं स्कॅन फक्त चिपच्या भरवशावर. कोड आणि सूचना जपल्या जातील, हा एक चेहरा जाईल.

जतनकर्ती

हे चालेल. मग स्थितीच्या नोंदीत चित्राचा अंशही येता कामा नये, किल्ल्यांचे क्रमांक तेवढे.

---

तारजोड

सेन्सर आणि जोडणीची बाजू कोणी घेतली नाही, म्हणून.

पीआयआर उष्णतेतला *बदल* पाहतो. स्थिर माणूस त्याला दिसत नाही, तो बिघाड नव्हे. व्हीएल५३एल१एक्स हा लेझर अंतरमापक लावा, पल्ला ४ मीटरपर्यंत, दृष्टिकोन २७ अंश. भडक उजेडात आणि काळ्या कपड्यांवर पल्ला बराच कमी होतो, म्हणून मर्यादा दीड मीटरचीच ठेवा. छातीच्या उंचीवर बसवा. दीड मीटरच्या आत सलग ६ सेकंद म्हणजे एक पाहणं. पुढचं पाहणं मोजायच्या आधी अंतर २ मीटरच्या वर सलग ३ सेकंद गेलेलं हवं. आत यायची आणि बाहेर जायची मर्यादा एकच ठेवलीत तर जागच्या जागी डुलणारा एक माणूस दहा वेळा मोजला जाईल. दालन बंद असताना मोजणी बंद करा, नाहीतर झाडलोट करणारे रोज एखादी किल्ली खाऊन जातील.

घड्याळ: पाय ४ मध्ये बॅटरीवरचं घड्याळ नाही. रात्री वीज बंद आणि नेट नसेल तर सकाळी ते काल थांबलं तिथूनच पुढे चालतं. तुमचं 'बळ' वेळेवर अवलंबून आहे, म्हणजे रात्रभरचा विसर होणारच नाही. डीएस३२३१ हे बॅटरीवर चालणाऱ्या घड्याळाचं मॉड्यूल जोडा. तो आणि ईईप्रॉम दोन्ही त्याच दोन आयटूसी तारांवर (अनेक चिप एकत्र जोडायची पद्धत, प्रत्येक चिपला वेगळा पत्ता) बसतात, फक्त पत्ते तपासा. बऱ्याच डीएस३२३१ पाट्यांवर आधीच एक छोटी ईईप्रॉम ०५७ या पत्त्यावर असते (षोडशमान), तुमची २४एलसी२५६ ०५० वर ठेवा.

कार्ड: मूळ विभाग फक्त-वाचनाचा करा (ओव्हरले सोय सेटिंगमध्येच आहे) आणि स्थिती वेगळ्या छोट्या विभागात. लिहायची रीत: आधी तात्पुरती फाईल, ती डिस्कवर उतरल्याची खात्री, मग नाव बदलणं. थेट जुन्या फाईलवर लिहिताना कोणी प्लग काढला तर शून्य बाइटची फाईल उरते आणि कार्यक्रम सकाळी उठत नाही.

स्क्रीन: ओएलईडी नको. एकच चित्र ३० दिवस राहिलं की ठसा बसतो. फाईल विसरेल आणि काच लक्षात ठेवेल. (ही कल्पना कोणाला हवी असेल तर घ्या, वेगळं मांडणशिल्प होईल.) आयपीएस एलसीडी घ्या. मेनूत जाऊन डायनॅमिक कॉन्ट्रास्ट, आपोआप उजेड आणि शार्पनेस तिन्ही बंद. शार्पनेस चालू राहिला तर तुम्ही काढलेल्या बारीक थराच्या जागी स्क्रीन स्वतःच्या खोट्या कडा काढते.

---

चौकोनी_आठ

विसरवक्र यांनी विचारलेला भरावाचा प्रश्न. चौकट रुंदावणं आणि घुबडाचं मांजर होणं, दोन्हींना प्रतिमा बनवणारं डिफ्यूजन मॉडेल लागेल, आणि ते पाय ४ वर चालवू नका. रात्री दुसऱ्या यंत्रावर करा, सकाळी एक फाईल आणून ठेवा. अर्थात याने चित्र दुसऱ्या यंत्रावर जातं, म्हणून हे फक्त दारासमोरच्या, 'खोट्या होत जाणाऱ्या' फोटोला, आणि त्याला चिपची व्यवस्था लावू नका.

स्टेबल डिफ्यूजन १.५ मध्ये ५१२ × ५१२ चं रंगीत चित्र आत जाताना ६४ × ६४ × ४ आकड्यांत दाबलं जातं, ४८ पट कमी. त्यामुळे काहीही बदल न मागता नुसतं आत-बाहेर केलं तरी दूरचे चेहरे आणि अक्षरं बदलतात. चित्रातून चित्र या पद्धतीत ताकद ०.१५ आणि ५० पायऱ्या ठेवल्या तर प्रत्यक्षात ७ पायऱ्या चालतात. रोज एक फेरी, ३० दिवसांत ३० फेऱ्या. सीड (मॉडेलचा यादृच्छिक गोंगाट ठरवणारा आकडा) दर वेळी बदला. एकच सीड ठेवला तर तोच गोंगाट त्याच जागी साठत जातो आणि चार-सहा फेऱ्यांत चित्र करपल्यासारखं होतं. वर्णनाची ओळ रिकामी ठेवा. 'म्हातारी बाई' असं लिहिलंत तर मॉडेल तुमच्या फोटोतली बाई विसरून त्याच्या ओळखीची म्हातारी आणून बसवेल. अर्थात रिकामी ठेवूनही तेच करेल, फक्त सावकाश, आणि तुम्हाला ते सावकाशच हवंय. प्रत्येक फेरीनंतर रंग काढून कृष्णधवल करा, करडा रंग हळूहळू तांबूस होत जातो.

मॉडेलची फाईल डिस्कवर उतरवून ठेवा, नेटवरून दर वेळी घेऊ नका. मधेच आवृत्ती बदलली तर विसाव्या दिवशी चेहऱ्याची जातकुळीच पालटेल.

---

धूसर

ठरलं ते असं: खांबामागे चिपवाला फोटो, बळ आणि सच्चेपणा दोन्ही, मूळ स्कॅन कुठेही न ठेवता. दारासमोर मॉडेलवाला, रोज एक फेरी, सीलबंद प्रतीसह. एकच राहिलं. एका पाहण्यात होणारा बदल डोळ्याला दिसणारच नाही. पाहणाऱ्याला कळावं म्हणून पहिल्या दिवसाची छापील प्रत शेजारी लावू का?

विसरवक्र

नका लावू. प्रत शेजारी असली की लोक सात फरक शोधण्याचा खेळ खेळतात आणि स्वतःच्या आठवणीला हातच घालत नाहीत. त्याऐवजी प्रवेशिकेवर परत येण्याची तारीख छापा, दहा-बारा दिवसांनंतरची, आणि बाहेर पडताना कोरा कागद-पेन्सिल ठेवा: चेहरा आठवणीतून काढा, नाव नको, तारीख हवी. दुसऱ्यांदा येणाऱ्याला त्याचा कागद परत द्या, तारखेवरून आणि रेषेवरून तो ओळखेल. पेन्सिल मऊ, ४बी, आणि कागद १० सेंटीमीटर चौरस. मोठा दिला तर लोक बिचकतात.

तारजोड

आणि खोडरबर ठेवू नका.